रस्ता किंवा जलमार्ग

महिना एकतीस दिवसांचा असला की शेवटच्या दिवशी सकाळी काकांचा फोन येतो. काका म्हणजे माझ्या दुकानाचे मालक; हल्ली ते नाशिकला लेकीकडे असतात, गुडघ्यांमुळे. तब्येतीची चौकशी नाही, पाऊसपाणी नाही. "आज कोण उभं आहे?" एवढंच विचारतात. मी दारातून वाकून बघते आणि सांगते, एक लाल मोटारसायकल आहे, एक टेम्पो आहे आणि एक कव्हर घातलेली गाडी आहे.

"कव्हरवालीचा नंबर?"

"कव्हरखाली आहे, काका."

"हुशार माणूस दिसतो," म्हणतात आणि फोन ठेवतात.

एकतीस तारखेचं हे दुखणं परक्या माणसाला समजावून सांगावं लागतं. आमच्या रस्त्यावर सम-विषम पार्किंग आहे. विषम तारखेला गाड्या आमच्या बाजूला लावायच्या, सम तारखेला समोरच्या बाजूला. आज आमच्या दुकानांपुढे गर्दी, उद्या समोरच्या मिठाईवाल्यापुढे. कोणाची तक्रार नाही. पण एकतीस तारीख विषम, आणि तिच्या दुसऱ्या दिवशीची एक तारीखही विषम. म्हणजे आमच्या बाजूला लागोपाठ दोन दिवस गाड्या, आणि मिठाईवाला दोन दिवस मोकळा. हा अन्याय अख्ख्या शहरात फक्त काकांच्या लक्षात आला होता. लीप वर्षातल्या एकोणतीस फेब्रुवारीला तर ते 'विशेष आपत्ती' म्हणायचे.

या प्रश्नावर ते एकदा वाहतूक शाखेत गेले, आणि साक्षीदार म्हणून मला बरोबर घेऊन गेले. मला खाकी कपडा लांबून दिसला तरी तोंडाला कोरड पडते. मी खुर्चीच्या कडेवर बसले. काकांनी सगळं शांतपणे मांडलं. साहेबांनी शेवटपर्यंत ऐकून घेतलं आणि म्हणाले, "काका, मग एकतीस तारीख कॅलेंडरमधून काढायची का?"

"ते आपल्या अखत्यारीत नाही, याची मला कल्पना आहे," काका म्हणाले. "आपण फक्त शिफारस करा."

मी मूळची वाशिमकडची. आठवीत शाळा सुटली, मग शिवण शिकले, लग्न झालं, आणि नवऱ्यामागोमाग पुण्यात आले. तो हिंजवडीला कंपनीची बस चालवतो. आम्ही धायरीला राहतो. पण साडीला फॉल लावायला, ब्लाउज सैल-घट्ट करायला बायका येतात त्या शहरात, म्हणून दुकान शहरात घेतलं. घेतलं म्हणजे काय, काकांच्या दोन गाळ्यांपैकी लहानसा गाळा अकरा महिन्यांच्या करारावर मिळाला. शेजारच्या कोपऱ्यावरच्या गाळ्यात काका स्वतः रबरी शिक्के बनवायचे. मला आयुष्यात ज्या ज्या गोष्टींची भीती वाटते त्यांत पोलिसाच्या खालोखाल शिक्का आहे. आणि मालक मिळाले ते शिक्केवाले.

पण त्या माणसाने मला कधी घाबरवलं नाही. पहिल्या दिवसापासून "अहो बाई" आणि "आपण". आमच्याकडे सत्तरीचा माणूस पंचविशीच्या बाईला 'आपण' म्हणायला लागला तर घरचे वैद्याला बोलावतील. मला तर आधी वाटायचं, आपल्या मागे दुसरं कोणी उभं आहे आणि काका त्यांच्याशी बोलताहेत.

काका तरुणपणी लॉ कॉलेजात जात होते. पुढे वडिलांचं शिक्क्यांचं दुकान अंगावर पडलं आणि परीक्षा राहून गेली. कोणी विचारलं, "म्हणजे तुम्ही वकील नाही?" तर म्हणायचे, "अभ्यास सुरू आहे."

आमच्या दोन्ही दुकानांपुढचा फुटपाथ हा त्यांचा अभ्यासाचा विषय. माझी मापाची टेप रोज गायब व्हायची. बाहेर बघावं तर काका एखाद्या गाडीचं माप घेत असायचे, अगदी गिऱ्हाइकाचं घेतल्यासारखं अदबीनं, टेपचं टोकसुद्धा गाडीला न लावता. पायरीपासून चाक किती, चाकापासून कठडा किती. मग आत येऊन मला सांगायचे, "या गृहस्थांनी आपल्या ग्राहकासाठी वीतभर जागा सोडली आहे. वीतभर ग्राहक कोणी ओळखीचा आहे का?"

गाडीला हात लावायचा नाही, हा त्यांचा पहिला नियम. एकदा एका पोराने मोटारसायकल अशी लावली की माझं अर्धं दार बंद. मी चाक धरून ती थोडी बाजूला ओढली. गावाकडे आम्ही बैलगाडी ओढलेली, मोटारसायकलचं काय. काका आतून धावत आले.

"हे काय केलंत?"

"सरकवली, काका. दार मोकळं झालं."

"मी तक्रार लिहितो आहे की दार बंद आहे. आता ती खोटी ठरणार. परत लावा होती तशी."

मी परत लावली. ते दोन पावलं मागे सरले, डोकं तिरकं करून बघितलं आणि म्हणाले, "मागचं चाक जरा डावीकडे होतं." तेही केलं. मग त्यांनी फोटो काढला. फोटो काढून होईस्तोवर पोरगा आला आणि गाडी घेऊन गेला.

फोटोचाही एक त्रास होता. तक्रारीसोबत फोटो पाठवायचा तर त्यात गाडीचा नंबरही हवा आणि फुटपाथवरच्या नो पार्किंगची पाटीही हवी. पाटी खांबावर होती, पण त्याच खांबाला एका पुढाऱ्याच्या वाढदिवसाचा फ्लेक्स बांधलेला, पाटीला पुरता झाकून. पुढारी हात जोडून हसत होते. काकांनी त्या फ्लेक्सविरुद्ध वेगळा अर्ज केला होता. त्याचं उत्तर येईपर्यंत ते समोरच्या इमारतीच्या दुसऱ्या मजल्यावर जाऊन, ओळख ना पाळख अशा लोकांच्या गॅलरीतून फोटो काढायचे. तिथून पाटीचा एक कोपरा दिसायचा. त्या घरच्या बाई पुढे पुढे त्यांना चहा द्यायला लागल्या.

कायद्यात चार पायऱ्या आहेत, असं ते मला समजावून सांगायचे. आधी विनंती. मग वाहतूक पोलिसांकडे तक्रार. ते दंड करतील, गाडी उचलतील. मग दंडाधिकाऱ्यांकडे अर्ज, की सार्वजनिक वाटेवरचा अडथळा दूर करण्याचा हुकूम द्या. आणि काहीच झालं नाही तर दिवाणी न्यायालयात मनाई हुकूम. "आणि रागावणं, काका?" मी एकदा विचारलं. "ते कोणत्याच कलमात नाही," म्हणाले.

विनंतीच्या पायरीवर त्यांचा मुक्काम सगळ्यात जास्त. कारण त्यासाठी शिक्के करता यायचे. पहिला 'विनंती', दुसरा 'सूचना', तिसरा 'अंतिम सूचना', आणि चौथा 'अंतिम सूचनेचे स्मरणपत्र'. कोऱ्या कागदावर सुंदर अक्षरात चार ओळी लिहायच्या, शिक्का मारायचा, आणि कागद काचेवर वायपरखाली सरकवायचा. वायपरही उचलायचा नाही, तो गाडीचा भाग. कागदच असा लवचीक निवडलेला की नुसता ढकलला की आत जायचा.

एका शिक्क्यावर कलमाचा आकडा होता, दोनशे त्र्याऐंशी. सार्वजनिक रस्ता किंवा जलमार्ग यात अडथळा. मग सरकारने जुना दंडविधान कायदा बदलून नवी संहिता आणली आणि कलमांचे आकडे बदलले. अडथळ्याचं झालं दोनशे पंच्याऐंशी. काकांनी दोन दिवस दुकान उघडलं नाही. तिसऱ्या दिवशी आले ते नवा शिक्का कोरायला बसले. मी भीत भीत म्हटलं, "वाईट झालं, काका." ते म्हणाले, "आकडा गेला, पण जलमार्ग राहिला आहे." जलमार्गाचा त्यांना फार अभिमान. आमच्या रस्त्यावर पाणी तुंबलं की ते पँट दुमडून दारात उभे राहायचे आणि म्हणायचे, "आता आपण दोन्ही बाजूंनी सुरक्षित आहोत."

मला मात्र सुरक्षित वाटत नव्हतं. दुकानाचं पहिलं वर्ष वाईट गेलं. दोन गाड्यांच्या फटीतून बायका आत येईनात. साडीला ग्रीस लागतं, पिशवी अडकते. लांबूनच हात हलवून पुढच्या दुकानात जायच्या. नवरा एके दिवशी जेवता जेवता म्हणाला, "यंदाची लगीनसराई पाहू. नाही जमलं तं गावाकडं जाऊ. काहून एवढा जीव जाळतं?" तो रागाने बोलला नाही, म्हणून मला जास्त भीती वाटली. करार त्याच हंगामाच्या शेवटी संपत होता. गावी जाऊन मी काय करणार होते, तर मोठ्या जावेच्या हाताखाली तिच्या मशीनवर तिच्या वेळेत शिवणार होते.

आणि त्या हंगामात मला कात्रजच्या एका लग्नघराचं काम मिळालं. नवरी, तिची आई, मावश्या, आजी, सगळ्यांचे ब्लाउज. शुक्रवारी सगळ्यांनी दुकानात यायचं, घालून बघायचं, मी तिथंच मशीनवर बसून बारीकसारीक दुरुस्त करून द्यायचं. शनिवारी हळद. हे काम नीट झालं असतं तर त्या घराच्या नातेवाइकांतून पुढचं वर्षभर काम आलं असतं. नवरीच्या आईने तसं बोलूनच दाखवलं होतं.

त्याच आठवड्यात एक मोठी पांढरी गाडी आली आणि फुटपाथवर चढून माझ्या पायरीला चिकटून उभी राहिली. सम तारीख नाही, विषम तारीख नाही, हलायचं नावच नाही. काकांनी विनंती लावली. दुसऱ्या दिवशी सूचना. मग अंतिम सूचना, मग स्मरणपत्र. काचेवर कागदांची चवड झाली. मी स्वतः आडवी होऊन, डबा डोक्यावर धरून आत शिरत होते. पण कात्रजची आजी वॉकर घेऊन चालायची.

"काका, शुक्रवारी माझं लग्नघर येणार आहे," मी म्हटलं. 

काकांनी माझ्याकडे बघितलं, चष्मा काढला, पुसला. "दुसरी पायरी," म्हणाले, आणि छत्री घेऊन निघाले.

गुरुवारी दुपारी खरंच पोलीस आले. काका इस्त्रीचा शर्ट घालून दारात उभे होते. त्यांच्या इतक्या वर्षांच्या अभ्यासात प्रथमच चारचाकीवर कारवाई होत होती. हवालदारांनी गाडीभोवती फेरी मारली, फोटो काढले, मशीनवर काहीतरी दाबलं. मग जीपमधून पिवळा लोखंडी जॅमर काढला, पुढच्या चाकाला अडकवला आणि कुलूप लावलं. खट् असा आवाज आला. नातू झाला तेव्हा माझ्या सासऱ्यांचा झाला होता, तसा काकांचा चेहरा झाला.

मी विचारलं, "साहेब, आता गाडी कधी नेणार?"

"नेणार कशी? जॅमर लावलाय ना."

"म्हणजे ती इथंच राहणार?"

"मालक येईल, दंड भरेल, मग आम्ही जॅमर काढू, मग तो नेईल."

"आणि मालक आलाच नाही तर?"

हवालदारांनी कुलूप ओढून बघितलं. "तर कुठं जातीय?" ते समाधानाने म्हणाले. "आमच्याकडची क्रेन दुचाकीची आहे, ताई. चारचाकीची मागवावी लागते." मग काकांकडे वळले. "काका, तुमच्या तक्रारीवरून ताबडतोब कारवाई केली. सही करा इथं."

काकांनी सही केली. जीप गेली. आम्ही दोघं फुटपाथवर उभे राहिलो. इतके दिवस जी गाडी निदान जाऊ तरी शकत होती, ती आता कायद्याने माझ्या पायरीला जखडली होती. समोरचा मिठाईवाला दारात येऊन बघत होता. एरवी तो सम-विषमच्या वादातला पलीकडचा पक्ष, पण त्या दिवशी त्याने काकांना पाणी आणून दिलं.

"काका," मी म्हटलं, "आपणच दंड भरून टाकायचा का?"

"गुन्हा त्यांचा, दंड आपला?" काका म्हणाले. "बाई, असं सुरू झालं तर उद्या चोर आपल्याकडून बसभाडं मागतील." पण आवाजात जोर नव्हता. ते आत जाऊन बसले आणि संध्याकाळपर्यंत एकही शिक्का कोरला नाही.

शुक्रवारी सकाळी मी पोचले तर काका माझ्या आधी आलेले. माझ्या आणि त्यांच्या गाळ्यामध्ये प्लायवुडची भिंत होती. ती ते 'फळी' म्हणायचे. करारात त्यांनीच कलम घातलं होतं की भाडेकरूने फळीला खिळादेखील मारू नये. म्हणून मी कॅलेंडरसुद्धा पिशवीत ठेवायचे. काका त्या फळीसमोर स्क्रू ड्रायव्हर घेऊन उभे होते.

"माझं दार कोपऱ्यावर आहे," ते म्हणाले. "कोपऱ्यावर विजेचा डबा आहे, तिथे कोणाला गाडी लावता येत नाही. आपलं लग्नघर माझ्या दुकानातून आपल्या दुकानात येऊ शकेल. मध्ये फक्त फळी आहे."

मला रडू आलं. मी म्हटलं, "काढा मग, काका."

"अशी कशी काढू? कराराविरुद्ध आहे. आपला अर्ज लागेल."

"काका, ते लोक अकराला येतील."

"म्हणून म्हणतो, लगेच लिहा. वर 'प्रति', मग 'विषय', मग 'महोदय'."

आयुष्यातला पहिला अर्ज मी त्या दिवशी, दोन सुया ओठांत धरून लिहिला. विषयापाशी अडकले. फळी काढण्याबाबत, की लग्नघर आत घेण्याबाबत? काका म्हणाले, "विषय अर्जदाराने ठरवायचा असतो," आणि माझ्याकडे पाठ करून उभे राहिले, दडपण येऊ नये म्हणून. मी लिहिलं, 'विषय : आजीला वाट देणे.' काकांनी अर्ज घेतला, 'आवक' शिक्का मारला, खुर्चीवर बसून दोनदा वाचला. मग अर्धा कप चहा प्यायले, कारण कोणताही निर्णय घाईत होऊ नये. मग 'मंजूर'. मग आम्ही दोघांनी मिळून फळी उतरवली.

फळी गेल्यावर लक्षात आलं, बायका कपडे बदलणार कुठे? माझा पडदा फळीच्या वरच्या कडेलाच चिमट्यांनी लावलेला होता. मी धावत मंडळाच्या पोरांकडे गेले आणि विचारलं, तो वाढदिवसाचा फ्लेक्स मिळेल का. पोरं म्हणाली, "न्या की, ताई. वाढदिवस कधीच झाला. काकांना पाहिजे होता तर आधी सांगायचं ना." दोन मिनिटांत सोडून दिला. त्याच फ्लेक्सविरुद्धचा काकांचा अर्ज अजून उत्तराविना पडून होता! आम्ही तो मध्ये टांगला. बायकांच्या बाजूला पुढारी हसतात हे बरं दिसेना, म्हणून उलटा फिरवला. मग दिवसभर पुढारी हात जोडून काकांकडे बघत राहिले.

अकरा वाजता लग्नघर आलं. 'कामाचे स्वरूप ठरवूनच आत यावे' अशी पाटी असलेल्या दुकानात एकदम सात बायका शिरल्या. आजी वॉकर टेकत टेकत आल्या आणि काकांच्याच खुर्चीवर बसल्या.

"इथं काय मिळतं?" आजींनी विचारलं.

"शिक्के," काका म्हणाले.

"मग मारा की एखादा," म्हणून आजींनी तळहात पुढे केला. काकांनी घाबरून माझ्याकडे बघितलं. मी तोंडात सुया घेऊन मशीनवर होते. त्यांनी खण धुंडाळला, आणि त्यातल्या त्यात बरा म्हणून 'मंजूर' मारला. मग मावश्यांनाही हवा झाला. नवरीने दोन्ही हातांवर घेतला. संध्याकाळी मेंदी काढणारी बाई काय म्हणाली असेल देव जाणे. काका दिवसभर रस्त्याकडे तोंड करून छत्री उघडून बसले होते, मागे बघायला लागू नये म्हणून. सगळे ब्लाउज बसले. आजींचा तर पहिल्याच फटक्यात.

पांढऱ्या गाडीचा मालक रविवारी उगवला. चिडलेला होता. "कोणी केली तक्रार?"

"मी," काका उठून उभे राहिले. "तक्रारदार. बसा, पाणी घ्या."

"अहो, एक फोन करायचा ना! मी साताऱ्याला होतो सासरी. बसने गेलो, एवढी चांगली जागा मिळाली होती, सोडवेना. भाऊ इथंच राहतो माझा, येऊन काढली असती गाडी. नंबर लिहून ठेवलाय समोर."

"कुठे?"

मालक गाडीपाशी गेला. काचेवरून एक एक कागद काढत गेला. स्मरणपत्र, अंतिम सूचना, सूचना, विनंती. विनंतीच्या मागे काचेआड मोठ्या अक्षरात कार्ड होतं : अडचण झाल्यास फोन करावा. खाली नंबर.

काकांनी वाकून ते कार्ड शेवटच्या आकड्यापर्यंत वाचलं. मग म्हणाले, "क्रमांक दर्शनी भागात नव्हता."

"तुमचे कागद होते ना त्यावर."

"कागद दर्शनी भागातच लावायचे असतात."

मालकाने हात जोडले, अगदी फ्लेक्सवरल्या पुढाऱ्यासारखे, आणि दंड भरायला गेला. गाडी गेली. तिच्या जागी लगेच दुसरी आली. पण आता मला फरक पडत नव्हता. बायका कोपऱ्यावरच्या दाराने, काकांच्या टेबलाला वळसा घालून येत होत्या. कात्रजच्या घरातून खरंच कामं यायला लागली. नवरा एकदा बस लावून बघायला आला, दारात उभा राहिला आणि म्हणाला, "हे तं मोठं झालं." गावाचा विषय त्याने परत काढला नाही.

करार नवा झाला त्या दिवशी काका म्हणाले, "फळी परत लावण्यासाठी अर्ज लागेल."

"कोणाचा?"

"आपलाच. काढण्याचा अर्ज आपला होता."

मी म्हटलं, लिहिते. एक महिना गेला. "अर्ज आला नाही अजून," काका म्हणाले. "लिहितेय, काका." पुढे ते महिन्यातून एकदा विचारायचे आणि मी म्हणायचे, लिहितेय, विषयापर्यंत आलंय. फळी मागच्या भिंतीला टेकून उभी होती, तिच्यावर मी कॅलेंडर अडकवलं होतं. खिळा मारून. काकांनी ते पाहिलं आणि चष्मा पुसायला लागले.

गेल्या वर्षी लेक त्यांना न्यायला आली. शिक्के खोक्यात भरले, टेबल माझ्याकडे राहिलं. काका गाडीत बसायला निघाले. लेकीची गाडीही फुटपाथवरच होती, त्याबद्दल तिला आधीच विनंती मिळाली होती. दारातून ते परत वळले.

"बाई, तो फळीचा अर्ज कुठवर आला?"

"विषयापर्यंत, काका."

"पुरेसं आहे," ते म्हणाले. "पुढे लिहू नका."